दुकान बंद, गाड्या सुरूच!

रॉकपोर्ट नावाच्या शहरात गेली वीस वर्षं पोलीस एका चंदेरी-निळ्या बीएमडब्ल्यूच्या मागे धावताहेत. अमेरिकेच्या नकाशात या नावाची गावं सापडतील, पण हे रॉकपोर्ट त्यातलं नव्हे. ते फक्त कॉम्प्युटरच्या पडद्यावर आहे. 'नीड फॉर स्पीड : मोस्ट वॉन्टेड' हा मोटारशर्यतींचा गेम नोव्हेंबर २००५ मध्ये बाजारात आला, त्यातलं हे शहर.

तुमच्या घरात तिशी-पस्तिशीतलं कुणी असेल तर त्याच्यासमोर हे नाव नुसतं उच्चारून बघा. ऑफिसात साहेब म्हणून वावरणारा गृहस्थ एकदम शाळकरी पोरासारखा बोलायला लागेल. आमच्या पिढीने हा गेम कॉलेजच्या वाटेवरच्या सायबर कॅफेत तासावर पैसे मोजून खेळला, किंवा मित्राच्या घरी, त्याच्या आईच्या 'आता पुरे रे!' या हाकांकडे कानाडोळा करत खेळला.

ज्यांनी तो पाहिलेला नाही, त्यांच्यासाठी कथानक दोन ओळींत सांगतो. नायक एक झकास गाडी घेऊन शहरात येतो. रेझर नावाचा खलनायक दगाबाजी करून शर्यतीत त्याला हरवतो आणि गाडी लुबाडतो. मग साध्यासुध्या गाडीपासून सुरुवात करून, बेकायदा शर्यती करणाऱ्या पंधरा जणांच्या यादीतल्या एकेकाला हरवत नायकाने वर चढायचं आणि आपली गाडी परत मिळवायची. मध्ये पोलीस आहेतच. ते वायरलेसवर एकमेकांशी बोलतात, नाकेबंदी करतात, रस्त्यावर खिळ्यांची पट्टी टाकतात. पळताना डोनटच्या दुकानावरचं भलंमोठं डोनट त्यांच्या गाड्यांवर पाडायचीही सोय आहे! थोडक्यात, आपल्याकडच्या कुठल्याही सूडकथेला शोभेल असा मसाला. फक्त गाणी झाडांभोवती नाहीत, गाडीत वाजतात.

आता मूळ मुद्द्यावर येतो. हा गेम आज दुकानात नवा मिळत नाही. तो घडवणारा 'ईए ब्लॅक बॉक्स' हा कॅनडातल्या व्हँकुव्हर परिसरातला स्टुडिओ २०१३ मध्ये बंद झाला. मालक कंपनी इलेक्ट्रॉनिक आर्ट्स जोरात आहे, पण या जुन्या गेमकडे बघायला तिला सवड नाही. आजच्या कॉम्प्युटरवर तो मूळ रूपात धड चालतही नाही. आणि तरीही तो खेळला जातो. नुसता खेळला जात नाही, तर २००५ मध्ये दिसत होता त्याहून देखणा दिसतो. त्यात तेव्हा नसलेल्या गाड्या धावतात. हे कुणी केलं? कंपनीने नव्हे. जगभरच्या हौशी पोरांनी केलं, तेही बहुतेक वेळा एक पैसा न घेता.

या कामाला इंग्रजीत 'मॉडिफिकेशन' म्हणतात, लाडाने 'मॉड'. आणि अशी अनेक मॉड्स एकत्र बांधून केलेलं गाठोडं म्हणजे 'मॉडपॅक'. मुलगा 'पॅक टाकतोय' म्हणाला तर दचकू नका, तो एवढंच करतो आहे.

रंगवलेले पडदे

गेम म्हणजे आतून काय असतं? संगीत नाटकातला रंगवलेला पडदा आठवा. राजवाडा, जंगल, नदीकाठ, सगळं कापडावर रंगवलेलं. गेममधलं शहरही तसंच असतं. इमारतींचे रिकामे खोके उभे करायचे आणि त्यांच्यावर विटांचं, काचांचं, पाट्यांचं चित्र चिकटवायचं. या चित्राला 'टेक्श्चर' म्हणतात. २००५ च्या कॉम्प्युटरची स्मरणशक्ती बेताची, म्हणून ही चित्रं लहान काढलेली होती. तेव्हाच्या पडद्यावर ती चालून गेली. आजच्या मोठ्या पडद्यावर तीच ताणली की डांबर म्हणजे नुसता करडा रंग आणि झाड म्हणजे हिरवा डाग दिसतो.

मग कुणीतरी बसतं आणि एकेक चित्र नव्याने काढतं. रस्ता, फुटपाथ, पेट्रोल पंपाची पाटी, पोलिसांच्या गाडीवरचं चिन्ह. दुसरा कुणी गाड्यांमागे लागतो. मूळ गेममधल्या गाडीचं चाक नीट पाहिलं तर गोल नसतं, पुष्कळ बाजू असलेल्या नाण्यासारखं असतं. तो ते गोल करतो, आरशात काच बसवतो, आतल्या सीटला शिवण देतो. तिसरा उजेडावर काम करतो.

उजेडावरून तर खरी भांडणं आहेत. या गेममधल्या उन्हाला एक पिवळसर झाक आहे. पानगळीतली टळलेली दुपार असावी, तशी. जाणकार म्हणतात, ही तर तेव्हाची फॅशन होती, ती काढा आणि आकाश स्वच्छ निळं करा. जुने भक्त म्हणतात, खबरदार! ती झाक गेली की रॉकपोर्ट गेलं. मी दोन्ही पाहिलंय आणि माझं मत जुन्या भक्तांच्या पारड्यात आहे. निळ्या आकाशाखाली सगळं चकचकीत दिसतं, पण ते कुठलंही शहर वाटतं.

दिसण्याचा भाग सोपा म्हणावा, इतकं चालण्याचं काम अवघड आहे. २००५ मध्ये घरोघरी जुन्या टीव्हीसारखे, जवळजवळ चौकोनी मॉनिटर होते आणि गेम त्या मापाने शिवलेला. रुंद पडद्यावर तो लावला की सगळं आडवं ताणलं जातं. गाड्या चेपटलेल्या आणि माणसं जाडजूड दिसतात. म्हणून सर्वांत आधी कुणीतरी 'वाइडस्क्रीन'ची दुरुस्ती केली. त्यात शहराचं चित्र दोन्ही बाजूंना उघडतं आणि वेगाचा काटा, नकाशा वगैरे आपापल्या मापात राहतात. ऐकायला किरकोळ वाटतं, पण ही दुरुस्ती नसेल तर बाकीची सजावट फुकट. आज जवळपास प्रत्येक पॅकच्या मुळाशी अशी काही दुरुस्ती असतेच.

आणि हे सगळं घरच्या किल्लीशिवाय बरं का! काही कंपन्या गेमबरोबर तो बदलण्याची अवजारंही देतात. या गेमला तशी काही दिली नव्हती. गाड्यांचा वेग, ब्रेक, किमती, शर्यतींचे मार्ग, सगळं कंपनीच्या स्वतःच्या सांकेतिक पद्धतीने बंद केलेल्या फाइलींमध्ये होतं. हौशी मंडळींनी त्या फाइली आकड्याआकड्याने वाचल्या. एक आकडा बदलायचा, गेम सुरू करायचा, काय बदललं ते बघायचं. बहुतेक वेळा गेम बंदच पडायचा. अशा वर्षानुवर्षांच्या खटपटीतून त्यांनी स्वतःची अवजारं तयार केली आणि तीही वाटून टाकली. पूर्वी नवी गाडी आणायची तर जुनी एखादी काढून तिच्या जागी बसवावी लागे. पुढे ही मर्यादाही उठली आणि जुन्या सगळ्या ठेवून नव्या गाड्या वाढवता येऊ लागल्या.

संपादकाचं काम

इतकी मॉड्स झाली की सामान्य खेळणाऱ्याची पंचाईत होते. एकाने काढलेली गाडी आणि दुसऱ्याने केलेला उजेड एकाच फाइलीला हात लावतात. आधी हे टाकलं तर ते बिघडतं, आधी ते टाकलं तर हे दिसत नाही. अमुक दुरुस्ती तमुक आवृत्तीवरच चालते. इथे मॉडपॅकवाला पुढे येतो.

तो बहुधा स्वतः फारसं नवं काही बनवत नाही. तो आहे दिवाळी अंकाच्या संपादकासारखा. कथा दुसऱ्याच्या, कविता तिसऱ्याची, चित्रं चौथ्याची. पण काय घ्यायचं, काय सोडायचं, कशापुढे काय लावायचं हे त्याचं. दोन लेखक एकच विषय घेऊन आले तर कुणाला समजवायचं, तेही त्याचंच. तो सगळी मॉड्स एकत्र आणतो, एकमेकांच्या पायात पाय घालणाऱ्या फाइली सोडवतो, पुन्हा पुन्हा चालवून बघतो आणि शेवटी एकच गाठोडं बाहेर काढतो. 'मोस्ट वॉन्टेड'चा 'रिडक्स' नावाचा पॅक असाच गाजला. नवी टेक्श्चर्स, नवा उजेड, वाढीव गाड्या, सगळं एका दमात. असे पॅक अनेकदा मूळ गेमपेक्षाही आकाराने मोठे भरतात. मूळ गेमला हार्ड डिस्कवर जेमतेम तीन जीबी जागा लागत होती, हे लक्षात घेतलं म्हणजे नवलही वाटत नाही.

दिवाळी अंक आणि यात एक फरक मात्र आहे. तिथे लेखकाला मानधन थोडं का होईना मिळतं, निदान अंकाची प्रत तरी घरी येते. इथे मानधन म्हणजे नाव. गाठोड्यात एक साधी मजकुराची फाइल असते. गाडी कुणाची, रस्ते कुणाचे, दुरुस्ती कुणाची हे तिच्यात लिहिलेलं असतं. बहुतेक टोपणनावंच. एवढ्यावर ही सगळी गिरणी चालते. म्हणून पॅकवाल्याने ते नाव गाळलं किंवा न विचारता कुणाची गाडी उचलली की भडका उडतो. महिनोन् महिने खपून एखाद्याने दाराच्या कडीपर्यंत गाडी घडवायची आणि पॅकच्या जाहिरातीत भलत्याचंच कौतुक व्हायचं! संतापून काही जण आपलं सगळं काम मागे घेतात. मग कालपर्यंत चालणारे पॅक आज अपुरे पडतात. घरातल्या मुलाला यातून एक गोष्ट शिकवण्यासारखी आहे असं मला वाटतं. पॅक टाकताना ती नावांची फाइल एकदा उघडून वाचायला सांगा. दोन मिनिटं लागतात.

दुसरी पडझड याहून मोठी आहे. हे काम ठेवायचं कुठे? वीस वर्षांपूर्वी पोरं आपल्या फाइली फुकट साठवण देणाऱ्या ठिकाणी टाकत. 'मेगाअपलोड' जानेवारी २०१२ मध्ये अमेरिकी सरकारने बंद पाडलं. 'रॅपिडशेअर' मार्च २०१५ च्या अखेरीस स्वतःहून मिटलं. तिथे चाचेगिरीचा माल भरपूर होता हे खरंच, पण त्या ढिगाखाली हौशी मंडळींची कामंही गाडली गेली. ज्याच्या कॉम्प्युटरवर जुनी प्रत शिल्लक होती, त्याच्यामुळे काही वाचली. जुन्या पोथ्यांचं व्हायचं तसंच. ज्याच्या माळ्यावर सापडेल त्याची कृपा.

प्रामाणिकाला कुलूप

आता ऐका या सगळ्यातली सर्वांत विचित्र गोष्ट.

२००५ मध्ये ज्याने दुकानात जाऊन पावती घेऊन खरी डिस्क विकत घेतली, त्याच्या डिस्कवर 'सेफडिस्क' नावाचं कुलूप होतं. नक्कल करून कुणी वाटू नये म्हणून. गेम सुरू करताना कॉम्प्युटर तपासायचा की डिस्क खरी आहे ना. या तपासणीसाठी विंडोजच्या पोटात एक छोटा प्रोग्रॅम बसवावा लागे. पुढे लक्षात आलं की त्या प्रोग्रॅममधून कॉम्प्युटरच्या सुरक्षेला धोका आहे. २०१५ मध्ये विंडोज १० आलं तेव्हा मायक्रोसॉफ्टने त्याला दारातच अडवलं आणि त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये जुन्या विंडोजमध्येही तो बंद केला. सुरक्षेच्या दृष्टीने योग्यच केलं. पण परिणाम काय झाला? ज्याने पैसे मोजले होते, त्याची खरी डिस्क चालेनाशी झाली. आणि ज्याने मुंबईच्या लॅमिंग्टन रोडच्या फुटपाथवरून किंवा दिल्लीच्या नेहरू प्लेसमधून स्वस्तातली कुलूप तोडलेली नक्कल आणली होती, त्याची मात्र चालूच राहिली!

सचोटीने वागणाऱ्याला दंड आणि लबाडाला बक्षीस. हा कुणी मुद्दाम केलेला अन्याय नव्हे हे कबूल. पण कंपनीने एक छोटी दुरुस्ती काढून आपल्या जुन्या ग्राहकांना दार उघडून द्यायला काय हरकत होती? तिने ते केलं नाही.

कंपनीची बाजूही बघायला हवी. या गेममधल्या गाड्या खऱ्या कंपन्यांच्या आहेत, बीएमडब्ल्यू, पोर्शे, लॅम्बोर्गिनी, मर्सिडीज. गाणी खऱ्या कलावंतांची. असे परवाने सहसा मुदतीचे असतात आणि मुदत संपली की पुन्हा पैसे मोजल्याशिवाय गेम विकता येत नाही. मायक्रोसॉफ्टचा 'फोर्झा होरायझन ४' हा त्या मानाने नवा आणि लोकप्रिय गेम परवान्यांमुळेच डिसेंबर २०२४ मध्ये विक्रीतून काढावा लागला. 'नीड फॉर स्पीड' मालिकेतले 'कार्बन', 'अंडरकव्हर', 'द रन' आणि 'शिफ्ट'चे दोन्ही भाग मे २०२१ च्या अखेरीस ऑनलाइन दुकानांतून उतरवले गेले आणि तीन महिन्यांनी त्यांची ऑनलाइन सोयही बंद झाली. धंद्याचं गणित समजू शकतं. पण विकायचंही नाही आणि जपायचंही नाही, हे बरोबर वाटत नाही.

याहून वाईट प्रकार आहेत. 'नीड फॉर स्पीड : वर्ल्ड' हा २०१० मध्ये आलेला गेम फक्त इंटरनेटवरून, कंपनीच्या यंत्रणेला जोडूनच खेळता यायचा. खेळायला फुकट, पण चांगल्या गाडीला खरे पैसे. १४ जुलै २०१५ ला कंपनीने यंत्रणा बंद केली आणि लोकांनी पैसे देऊन घेतलेल्या गाड्या एका क्षणात नाहीशा झाल्या. चाहत्यांनी मग गेम आणि यंत्रणा एकमेकांशी काय बोलत होत्या याचा माग काढून स्वतःची यंत्रणा उभी केली आणि तो गेम पुन्हा चालू केला. फ्रेंच कंपनी युबिसॉफ्टच्या 'द क्रू'चंही तसंच झालं. ३१ मार्च २०२४ ला यंत्रणा बंद झाली आणि पूर्ण किंमत देऊन घेतलेला गेम एकट्याने खेळणंही अशक्य झालं. त्यातून 'स्टॉप किलिंग गेम्स' ही मोहीम उभी राहिली. युरोपीय संघाकडे दाद मागणाऱ्या तिच्या अर्जावर २०२५ च्या जुलैपर्यंत दहा लाखांहून जास्त सह्या जमल्या. दरम्यान चाहत्यांनी 'द क्रू'ही २०२५ मध्ये आपल्या हिकमतीवर पुन्हा रस्त्यावर आणला.

गेमच्या निमित्ताने का होईना, हा प्रश्न आपल्या घरापर्यंत येतोच. आपण घेतलेलं गाणं, पुस्तक, सिनेमा आता कपाटात नसतो, कुणाच्या तरी यंत्रणेत असतो. 'विकत घ्या' असं बटणावर लिहिलेलं असतं. खरं तर ते 'आम्ही देऊ तोवर वापरा' असं असतं.

कायदा काय म्हणतो?

'हे सगळं कायदेशीर आहे का?' असं वाचकांतले वकीलमंडळी विचारतीलच. सरसकट हो किंवा नाही असं उत्तर नाही. गेमबरोबरच्या करारात (तोच तो, न वाचता आपण 'मान्य' म्हणतो) अशा फाइली उघडायला सहसा मनाई असते. आपल्याकडच्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्याचं कलम ५२ मात्र थोडं उदार आहे. कॉम्प्युटर प्रोग्रॅमची प्रत ज्याच्याकडे कायदेशीरपणे आहे, त्याने तो प्रोग्रॅम ज्या कामासाठी दिला गेला त्या कामासाठी वापरता यावा म्हणून प्रत काढणं किंवा त्यात फेरफार करणं, याला तिथे हक्कभंग मानलेलं नाही. बिघाडापासून संरक्षण म्हणून राखीव प्रत काढण्याचंही तसंच. आपल्या स्वतःच्या डिस्कवरचा गेम रुंद पडद्यावर नीट दिसावा म्हणून फेरफार करणारा माणूस चोर नव्हे, असं म्हणायला या कलमाचा आधार वाटतो.

पण हे कलम अख्खा गेम दुसऱ्याला वाटायची परवानगी देत नाही. आणि नेमकी इथेच पॅकांमध्ये दोन जाती पडतात. चांगला पॅक म्हणतो, 'मूळ गेम तुमचा तुम्ही आणा, आम्ही फक्त बदल देतो.' दुसरा म्हणतो, 'काहीच नको, सगळं आत आहे.' म्हणजे मूळ गेम चोरून आत भरलेला. पहिल्याला मी कारागिरी म्हणतो. दुसरा म्हणजे फुटपाथवरची तीच सीडी, फक्त नव्या कागदात गुंडाळलेली. आता ज्याच्याकडे डिस्क नाही, दुकानात मिळत नाही, त्या नव्या मुलाने काय करायचं? जुन्या डिस्का अजून हातोहाती विकल्या जातात, तो एक मार्ग. त्यापलीकडची वाट कंपनीच उघडू शकते.

पैशाचंही तेच. एखाद्याने 'आवडलं तर चहाला द्या' म्हणून डबा ठेवला तर कुणी डोळे वटारत नाही. पण दुसऱ्यांची कामं बांधून गाठोड्याला किंमत लावणारे निघाले की ज्यांचं काम त्यात आहे तेच आधी ओरडतात, आणि ते बरोबरच आहे.

आपली लालपरी

आपली मंडळी या खटाटोपात कुठे आहेत? आहेत, चांगली आहेत. शर्यतींपेक्षा आपल्या पोरांचा जीव रोजच्या रस्त्यावरच्या गाड्यांवर जास्त. 'जीटीए : सॅन अँड्रियास' या २००४ च्या गेममध्ये मारुती ८०० आणि अ‍ॅम्बेसेडर घालणारे मॉड आहेत. लॉस एंजेलिससारख्या दिसणाऱ्या शहरात ताडांच्या रांगेखालून पांढरी अ‍ॅम्बेसेडर जाताना बघून हसू आवरत नाही. आणि मोबाइलवरच्या 'बस सिम्युलेटर इंडोनेशिया' या गेममध्ये तर केरळच्या सजवलेल्या बसपासून आपल्या एसटीच्या लाल गाडीपर्यंत सगळं धावतं. गेम इंडोनेशियाचा, रस्ते तिथले, आणि त्यावरून आपली लालपरी! ती रंगवणाऱ्याला खिडकीखालची पट्टी नक्की कुठे येते हे ठाऊक असतं. कारण लहानपणी सुट्टीला त्याच गाडीने तो मामाच्या गावाला गेलेला असतो.

'पण अभ्यासाचं काय?' हा आईवडिलांचा प्रश्न मी टाळणार नाही. मॉड टाकणं आणि मॉड बनवणं यात बराच फरक आहे. टाकणारा खेळतो. बनवणाऱ्याला ब्लेंडरसारखं अवजार शिकावं लागतं, इंग्रजीतल्या सूचना वाचाव्या लागतात, फाइल का बिघडली याचा शांतपणे शोध घ्यावा लागतो. यातून नोकरी मिळते असं मी म्हणत नाही, कुणी म्हटलं तर विश्वास ठेवू नका. पण रविवारी दुपारी मुलगा गाडीच्या दाराची कडी तीन तास नीट करत बसला असेल, तर त्याला 'खेळणं बंद कर' म्हणण्याआधी त्याच्या मागे उभं राहून जरा बघा. कदाचित तो खेळतच नसेल.

टाकायचाच असेल तर

काही घरांत या सुट्टीत हा उद्योग होणारच, म्हणून चार व्यवहाराच्या गोष्टी. मूळ गेमच्या फोल्डरची एक प्रत आधी बाजूला काढून ठेवा आणि प्रयोग दुसऱ्या प्रतीवर करा. बिघडलं तर पुसून टाकता येतं. अधिकृत शेवटची दुरुस्ती, म्हणजे १.३ आवृत्ती, आधी बसवलेली असावी. बरीच मॉड्स तीच गृहीत धरतात. पॅक शक्यतो बनवणाऱ्याच्या स्वतःच्या ठिकाणाहूनच घ्या. तिसऱ्याच कुणीतरी 'एका क्लिकवर' देऊ केलेल्या गाठोड्यात काय आहे ते देव जाणे. अशा फाइली गेमच्या पोटात शिरून काम करतात, त्यामुळे अँटिव्हायरस कधीकधी उगाच ओरडतो हे खरं. पण 'आधी अँटिव्हायरस बंद करा' असं ज्याच्या पहिल्याच ओळीत लिहिलंय तिथे मी तरी थांबतो. ज्या कॉम्प्युटरवरून बाबा बँकेचे व्यवहार करतात, तो या प्रयोगांसाठी वापरू नये, हेही आलंच.

आणि एक राहिलं. तुमची आतापर्यंतची प्रगती गेमच्या फोल्डरमध्ये नसते. ती 'डॉक्युमेंट्स'मध्ये 'एनएफएस मोस्ट वॉन्टेड' नावाच्या वेगळ्या फोल्डरमध्ये असते आणि पॅक बदलला की जुनी नोंद नव्या गाड्यांशी जुळेलच असं नाही. ते फोल्डर आधी पेनड्राइव्हवर घ्या. नाहीतर रेझरला गाठायला पुन्हा पंधराव्या नंबरापासून सुरुवात करावी लागेल, आणि पंधराव्या नंबरचा सनी आपली गोल्फ घेऊन वाट बघत बसलेला असेलच.